वाटी रिकामी, चेहरा सरळ

माझा आणि माझ्या ताईचा धंदा तसा एकच, लहान मुलांच्या पोटाचा. फरक एवढाच की ती मुलांना पालक-मुळा खायला शिकवते आणि मी बेकरीत केकवर क्रीमची फुलं काढते. आम्ही दोघी एकाच आईच्या लेकी आहोत यावर तिच्या वर्गातल्या पालकांचा विश्वास बसत नाही. ताई माझी ओळख करून देताना म्हणते, "ही माझी धाकटी. हिच्या पिशवीत काय आहे ते मुलांना दिसू देऊ नका." सगळे हसतात. मीही हसते, पण घरी जाऊन भांडी जरा जोरात घासते.

तिचा वर्ग शनिवारी सकाळी सायकल दुरुस्तीच्या दुकानावरच्या हॉलमध्ये भरायचा. जिना चढताना पंक्चरच्या सोल्युशनचा वास आणि वर पोचलं की कोथिंबिरीचा. खिडकीखाली ओटा, त्यावर दोन शेगड्या आणि एक मिक्सर. मध्ये लांब, बुटकी मेजं. मुलं सतरंजीवर बसायची, पाय मेजाखाली. पालक मागे भिंतीला टेकून उभे. भिंतीवर ताईनं स्वतः रंगवलेली वाक्यं होती: पाकीट नको, साखर नको, घाई नको. आणि सगळ्यांत मोठ्या अक्षरात, हिरव्या रंगात: वाटी रिकामी, चेहरा सरळ.

ताईबद्दल मी उगाच वाईट बोलणार नाही. तिच्या हाताला गुण होता. एका बसचालकाची मुलगी नुसत्या बिस्किटांवर जगत होती. तिला संडासला होताना सगळी चाळ गोळा व्हायची, इतकी ती रडायची. ताईकडे येऊन काही महिन्यांत ती पोर डाळ-भाजी खायला लागली आणि चाळ शांत झाली. तो बसचालक रस्त्यात ताई दिसली की बस हळू करून नमस्कार करायचा. अशी कितीतरी माणसं. पालकांनी तिला देव्हाऱ्यात बसवलं होतं, आणि देव्हाऱ्यात बसलेल्याला कोणी "तुमचं चुकतंय" असं म्हणत नाही. मी म्हणायचे, पण माझ्या हाताला क्रीम लागलेलं असायचं.

तिचे दोन नियम मला कधी पटले नाहीत. पहिला हा, की आईनं आधी चाखायचं नाही. "मुलं पदार्थ खात नाहीत, तुमचा चेहरा खातात," ती पालकांना बजावायची. "तुम्ही चमचा तोंडात घातला आणि नुसती भुवई हलली, की कारभार आटोपला. म्हणून चाखू नका. मुलांसमोर नाही आणि मागेही नाही. निसर्गानं दिलंय, ते चांगलंच असणार." हे सांगणारी बाई कोणाची मुलगी? तर दुधी चिरायला घेतला की देठाकडची चकती कापून जिभेला लावल्याशिवाय पुढे सुरी न चालवणाऱ्या बाईची. आमची आई काकडीसुद्धा चाखल्याशिवाय कोणाच्या ताटात वाढत नसे. ताईनं ती सवय वर्गासाठी सोडली. मी मात्र दिवसभर चाखते, आणि ते माझ्या कमरेवर दिसतं.

दुसरा नियम भिंतीवरचा. मुलानं तोंड वाकडं करायचं नाही, थुंकायचं नाही, शी म्हणायचं नाही. चेहरा सरळ ठेवून जो वाटी संपवेल त्याच्यासाठी सगळ्यांनी टाळ्या वाजवायच्या. आणि सगळ्यांत जास्त टाळ्या मिळायच्या गुणीला.

गुणी ताईची मुलगी, सात वर्षांची. खरं नाव वेगळंच, पण ती इतकी शहाणी की नाव मागे पडलं. कारलं द्या, मेथी द्या, कडुनिंबाचा पाला द्या, तिच्या चेहऱ्यावरची रेघ हलायची नाही. पालक तिच्याकडे बघून उसासे टाकायचे. माझी लेक तिच्याहून वर्षानं लहान, आणि तिला घरात सगळे किरकिरी म्हणतात. तिला भातातलं जिरं दिसतं. दुधावरची साय दिसली की ती खोलीतून निघून जाते. ताई म्हणायची, "तुझ्या बेकरीनं पोरीची जीभ बिघडवली." उचलली जीभ लावली टाळ्याला. पण खरं सांगते, मलाही कधीकधी गुणीकडे बघून हेवा वाटायचा.

त्या शनिवारी मला सुट्टी होती, म्हणून मी किरकिरीला घेऊन वर्गाला गेले. ताई भलतीच खुशीत होती. हॉलच्या मागच्या अंगणात वर्गातला भाजीपाल्याचा कचरा टाकायचा खड्डा आहे, त्या खड्ड्यावर एक वेल आपोआप उगवला होता आणि कुंपणापर्यंत चढला होता. पलीकडच्या घराच्या शोभेच्या भोपळ्यांत त्याचे तणावे अडकलेले होते. त्याला लांबोळके, फिकट हिरवे दुधी लागले होते.

"बी मी लावलं नाही, पाणी मी घातलं नाही, फवारणी तर लांबच," ताई एक दुधी दोन्ही हातांत धरून पालकांना सांगत होती. "याच्याहून शुद्ध अन्न मला बाजारात दाखवा कोणी. आज आपण याचा कच्चा रस करणार आहोत."

पालकांनी माना डोलावल्या. ताईनं दुधी धुतला, सोलला, तुकडे केले. देठाकडची चकती तिनं कचऱ्याच्या बादलीत टाकली. मिक्सर फिरला. थोडा पुदिना, थोडं सफरचंद. रंग इतका सुंदर आला होता की मला तो केकवर हवासा वाटला. इतर मुलांना तिनं छोटे कप दिले. गुणीला आणि किरकिरीला मोठे पेले, घरचीच पोरं म्हणून.

किरकिरीनं घोट घेतला आणि पुढच्याच क्षणी तो सगळा माझ्या साडीवर आला.

"कडू आहे," ती ओरडली. "आई, खूप कडू आहे, हे खराब आहे."

भिंतीला टेकलेले सगळे पालक माझ्याकडे बघायला लागले. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. मी तिचा दंड धरला आणि दातओठ खाऊन म्हणाले, "गप्प बस. बाकीची मुलं पितायत ना?" आणि बाकीची मुलं खरंच पीत होती. पहिल्या घोटाला ती थबकली होती, एकमेकांकडे बघितलं होतं, मग सगळ्यांनी गुणीकडे बघितलं. गुणी पेला दोन्ही हातांत धरून शांतपणे पीत होती. मग बाकीच्यांनीही कप वर केले.

"बघितलंत?" ताई पालकांना म्हणाली, आवाजात राग नव्हता, नुसती समजूत होती. "एका जिभेला सवय आहे, एकीला नाही. चव तीच." मग गुणीला म्हणाली, "दाखव बरं बाळा, बहिणीला कसं प्यायचं ते."

गुणीनं किरकिरीचा पेला उचलला आणि तोही पिऊन टाकला. सगळा. टाळ्या झाल्या. तिनं ओठ पुसले आणि पेला मेजावर उपडा ठेवला.

त्यानंतर फार वेळ गेला नाही. ताई मिक्सर धूत होती, पालक मुलांना चपला घालत होते. एका कपवाल्या मुलानं जिन्यातच ओकारी काढली, मग दुसऱ्यानं. त्यांच्या आया म्हणाल्या, रिकाम्या पोटी रस सोसला नसेल. मी गुणीकडे बघितलं. ती भिंतीशी बसली होती, हात मांडीवर, चेहरा रोजच्यासारखा सरळ. पण तिच्या वरच्या ओठावर घामाचे थेंब होते आणि ओठांचा रंग गेला होता.

"गुणे, बरं वाटत नाही का गं?"

"वाटतंय, मावशी."

ती उठली, दोन पावलं चालली आणि उभीच्या उभी खाली कोसळली. मग तिच्या तोंडातून जे बाहेर आलं ते हिरवं नव्हतं. ते लाल होतं.

मला तो क्षण आजही सलग आठवत नाही. खालचा सायकलवाला गुणीला उचलून जिना उतरला. एका पालकाच्या गाडीत आम्ही बसलो. माझ्या मांडीवर किरकिरी होती आणि तिनं माझ्या गळ्याला मिठी मारलेली होती, हे मला इस्पितळाच्या दारात पोचल्यावर कळलं. ताईच्या हातात कापडी पिशवी होती. तीत उरलेल्या रसाची बाटली होती, कारण ताई काही वाया जाऊ देत नाही.

तातडीच्या विभागातल्या डॉक्टर तरुण होत्या, केस घट्ट बांधलेल्या. त्यांनी गुणीचा हात धरून नाडी बघितली, सिस्टरना भराभर काहीतरी सांगितलं आणि ताईकडे वळल्या. "काय खाल्लं होतं हिनं?"

"काहीच नाही," ताई म्हणाली. "म्हणजे सगळं नैसर्गिक. आमच्या घरात पाकीट येत नाही, डॉक्टर. बाहेरचं येत नाही." आणि ती एकदम माझ्याकडे वळली. "तू काही दिलंस का हिला? खरं सांग. तुझ्या पिशवीतलं, बेकरीतलं काही?"

मी हबकले. माझ्या लेकीसमोर, डॉक्टरांसमोर, माझी सख्खी बहीण मला विचारत होती की मी तिच्या मुलीला विष घातलं का. रागानं माझे कान तापले आणि त्याच रागात मी तिच्या हातातली पिशवी ओढली. का ओढली, ते मलाही माहीत नव्हतं. बहुतेक तिच्या तोंडावर फेकायला. बाटली हातात आली, आणि मला माझ्या साडीवरचा हिरवा डाग दिसला.

मी झाकण उघडलं, बोट बुडवलं आणि जिभेला लावलं.

कारलं कडू असतं, मेथी कडू असते, त्या कडूपणाला शेवट असतो. हा कडूपणा थांबेना. तो घशापर्यंत गेला, कानांत गेला, डोळ्यांतून पाणी आलं. मी कोपऱ्यातल्या बेसिनवर जाऊन थुंकत राहिले, थुंकी संपली तरी चव जाईना. माझ्या लेकीनं अख्खा घोट तोंडात घेतला होता. आणि मी तिला गप्प बस म्हटलं होतं.

मागे वळले तेव्हा ताई माझ्याकडे बघत होती. तिला बाटली चाखायची गरज पडली नाही. तिनं माझा चेहरा बघितला आणि तिचा स्वतःचा पांढरा पडला.

"दुधीचा रस," मी डॉक्टरांना म्हणाले. "कच्चा. आपोआप उगवलेल्या वेलाचा. जहर कडू आहे."

डॉक्टरांनी बाटली घेतली, वास घेतला. "किती प्यायली?"

"दोन पेले."

"दोन? अहो, दुधी कडू लागला की तो टाकायचा असतो. तो कडूपणा म्हणजेच विष. असे आपोआप उगवलेले, शोभेच्या भोपळ्यांशी संकर झालेले वेल कधीकधी असे निघतात. पण मोठी माणसंसुद्धा एका घोटात थुंकून टाकतात. एवढं कडू एक लहान मूल दोन पेले कसं पिईल?"

याचं उत्तर आम्हा दोघींनाही माहीत होतं. ताई भिंतीला धरून खाली बसली.

मग फोन सुरू झाले. कपवाल्या मुलांपैकी बऱ्याच जणांना उलट्या झाल्या होत्या, पण उलट्या झाल्या म्हणूनच ती सावरत होती, असं डॉक्टर म्हणाल्या. गुणीनं उलटी बराच वेळ गिळून धरली होती. या विषावर उतारा असा नाही. सलाईन, पोटाची औषधं आणि सतत लक्ष. "आत कुठे रक्त जातंय का, दुखणं वाढतंय का, ते तिनं सांगितलं पाहिजे," डॉक्टर म्हणाल्या. "मूल सांगतं, त्यावरच आम्ही बरंचसं ठरवतो."

सिस्टरांनी एक पुठ्ठ्याचा तक्ता आणला. त्यावर गोल चेहरे काढलेले होते. पहिला हसरा, मग साधा, मग जरा कसनुसा, आणि शेवटचा रडणारा. "बाळ, पोटात किती दुखतंय? कुठल्या चेहऱ्यासारखं?"

गुणी शुद्धीवर आली होती. तिनं तक्ता नीट बघितला. प्रत्येक चेहरा बघितला. मग साध्या चेहऱ्यावर बोट ठेवलं, सरळ तोंडाच्या.

"शहाणी गं माझी," सिस्टर म्हणाल्या आणि तक्त्यावरचा आकडा लिहून गेल्या.

दुपारभर हेच चाललं. सिस्टर यायच्या, तक्ता दाखवायच्या, गुणी सरळ चेहऱ्यावर बोट ठेवायची. ताई तिच्या उशाशी बसून पुन्हा पुन्हा विचारायची, "सोन्या, खरं सांग, दुखतंय का?" आणि गुणी म्हणायची, "नाही आई." तिचा आवाज बारीक होत चालला होता, पण चेहरा शाळेतल्या फोटोतला. डॉक्टर येऊन गेल्या, म्हणाल्या, मुलगी स्थिर वाटते, थोड्या वेळानं वॉर्डात हलवू. मला हायसं वाटलं. ताईनं देवाला हात जोडले, जी कधी जोडत नाही.

किरकिरीला मी घरी कोणाकडे ठेवणार? ती तिथेच पलंगाच्या पायथ्याशी स्टुलावर बसली होती, पाय हलवत. सकाळपासून ती माझ्याशी धड बोलली नव्हती. सिस्टर पुन्हा तक्ता घेऊन आल्या, गुणीनं पुन्हा बोट ठेवलं, आणि किरकिरी म्हणाली, "खोटं आहे."

"गप्प बस," असं माझ्या तोंडावर आलं होतं. ते मी गिळलं. देवाची कृपा म्हणा नाहीतर सकाळची लाज, मी विचारलं, "काय खोटं आहे?"

"तिला दुखतंय. तिची बोटं बघ की."

"कसली बोटं?"

"पायाची." किरकिरीनं गुणीच्या पायावरची चादर ओढली.

गुणीच्या दोन्ही पायांची बोटं आत वळलेली होती, इतकी की सांधे पांढरे पडले होते. अंगठ्याचं नख तळव्यात रुतलं होतं. चादरीखाली, कोणाला न दिसता, सकाळपासून. चेहरा अजूनही सरळच होता. तिनं पाय घाईघाईनं जवळ ओढले.

"सांगू नको," गुणी हळूच म्हणाली.

"तिनंच मला शिकवलं," किरकिरी म्हणाली आणि आता ती रडायला लागली. "कडू लागलं की पायाची बोटं आवळायची. मग तोंड वाकडं होत नाही. मला जमत नाही. बाकी सगळ्यांना जमतं."

"सगळ्यांना म्हणजे?" हे ताईनं विचारलं. तिचा आवाज मला ओळखू आला नाही.

"वर्गातल्या. मेजाखाली. सगळे आवळतात, मावशी."

सिस्टर धावत गेल्या. डॉक्टर आल्या, त्यांनी तक्ता बाजूला ठेवला. त्यांनी गुणीच्या पोटावर हळूहळू हात दाबत नेला, आणि बघत होत्या तिच्या पायांकडे. एका जागी हात आला आणि बोटं अशी आवळली की पलंगाची चादर सरकली. चेहऱ्यावरची रेघ हलली नाही. डॉक्टरांचा चेहरा मात्र बदलला. त्यांनी रक्तदाब पुन्हा मोजायला लावला आणि मोठ्यानं कोणालातरी हाक मारली. आतून रक्त जात होतं. वॉर्ड राहिला बाजूला, तिला थेट अतिदक्षता विभागात नेलं. दार बंद झालं आणि आम्ही बाहेर राहिलो.

बाहेर एक लांब बाक होता. त्यावर आम्ही तिघी. ताई रडत नव्हती. ती समोरच्या भिंतीकडे बघत एकच गोष्ट म्हणत होती, "मी चेहरेच बघत राहिले गं. पाच वर्षं मी नुसते चेहरे बघितले." सकाळी ती मला जे बोलली होती त्याचं उत्तर माझ्याकडे तयार होतं, चांगलं झोंबणारं. ते मी कधीच दिलं नाही. मी तिचा हात धरला आणि तो बर्फासारखा गार होता.

थोड्या वेळानं तिनं फोन काढला. मला वाटलं, भाऊजींना करतेय, ते बाहेरगावाहून निघालेच होते. पण तिनं बसचालकाला केला. नंतर मला तो स्वतः भेटून सांगत होता. ताईनं त्याला एवढंच विचारलं होतं, की मुलगी जेवायला बसली की तिच्या पायांकडे बघाल का. त्याला काही उमजलं नाही, पण ताई सांगते म्हटल्यावर त्यानं बघितलं. मुलगी दोडक्याची भाजी खात होती. तोंडानं म्हणत होती, छान आहे बाबा. तो मेजाखाली वाकला. "मी तसाच खाली बसून राहिलो," तो मला म्हणाला. "वर कुठल्या तोंडानं येऊ, ते कळेना."

गुणी वाचली. डॉक्टर म्हणाल्या, अजून थोडा उशीर झाला असता आणि ती सरळ तोंडानंच गेली असती. हे त्या कठोरपणे बोलल्या नाहीत, दमून बोलल्या, पण ताईला ते काळजात लागलं आणि लागायलाच हवं होतं, असं मला तेव्हा वाटलं. आता तसं वाटत नाही.

गुणी घरी आल्यावर मी रोज बेकरीतून सुटले की थेट त्यांच्याकडे जात होते. वर्ग बंद होता. वेल भाऊजींनी मुळासकट उपटून जाळला होता. ताई बोलायची कमी, कामं करायची जास्त, आणि करायची ती चुकवायची. गॅस चालू, वर भांडं नाही. नळ चालू, खाली बादली नाही. गुणी मात्र पूर्वीसारखीच. काय देशील ते खायची, काय विचारशील त्याला "छान" म्हणायची. तिच्या पायांत त्या दिवसांत सतत मोजे असायचे. थंडी वाजते म्हणायची.

डॉक्टरांनी मऊ भात सांगितला होता. त्या दिवशी ताईनं भात केला, वाटीत वाढला आणि गुणीसमोर ठेवला. किरकिरी आणि मी समोर बसलो होतो. गुणीनं एक घास घेतला. दुसरा घेतला.

"कसा झालाय?" ताईनं विचारलं.

"छान."

ताई बघत राहिली, पण चेहऱ्याकडे नाही. ती खुर्चीवरून उतरली, मेजाखाली वाकली आणि गुणीचा एक मोजा ओढून काढला. मी वरून बघत होते, मला पाय दिसत नव्हता. ताईची पाठ दिसत होती. ती पाठ कितीतरी वेळ हलली नाही.

मग ती वर आली आणि तिनं गुणीच्या हातातला चमचा घेतला. भात भरला आणि स्वतःच्या तोंडात घातला.

मीठ. दोनदा, कदाचित तीनदा पडलं होतं. मी नंतर चाखला, समुद्र परवडला. पण तेव्हा मला मिठाचं काही माहीत नव्हतं, मी फक्त ताईकडे बघत होते. एवढ्या वर्षांत मी तिचं तोंड वाकडं झालेलं पाहिलं नव्हतं. त्या क्षणीही तिचा चेहरा आधी सरळच राहिला, सवयीनं. मग हनुवटी थरथरली, नाक आक्रसलं, डोळे मिटले, आणि तिनं तो घास सगळ्यांदेखत हातावर थुंकला.

"शी," ताई म्हणाली. "किती खारट."

गुणी आ वासून तिच्याकडे बघत होती. इतकी दचकलेली ती मला इस्पितळातही दिसली नव्हती.

"आई," ती म्हणाली, "तुला पण लागतं?"

"लागतं गं," ताई म्हणाली. तिचं नाक अजून आक्रसलेलंच होतं आणि आता गालांवरून पाणी वाहत होतं. "सगळं लागतं मला."

गुणीनं जरा विचार केला. मग तिनं वाटी जवळ ओढली, मान खाली घातली आणि इतका वेळ गालात दाबून धरलेला घास हळूच वाटीत काढून टाकला.